गच्चीचे कुलूप आणि वाळवण

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

चैत्र लागला की बहुतेक मराठी वृत्तपत्रांच्या पुरवण्यांत वाळवणावर एक तरी लेख येतो. त्यात कुरडयांनी भरलेल्या पांढऱ्याशुभ्र धोतराचे छायाचित्र असते, लेखिकेच्या आजीची आठवण असते आणि शेवटी नेमाने एक उसासा असतो की हल्लीच्या बायकांना वेळ नाही, हौस नाही, सगळे विकत मिळते, तेव्हा ही परंपरा आता संपल्यातच जमा आहे. असे लेख मी अनेक वर्षे आवडीने वाचत आलो आहे आणि तो उसासा मीही सोडलेला आहे. परंतु या प्रकरणात मी केवळ वाचक नाही, आरोपीही आहे, हे मला अलीकडे उमगले. त्यासाठीच हे पत्र. ते थोडे लांबले आहे, त्याबद्दल आधीच क्षमा मागतो.

पुण्यातील एका साध्या गृहनिर्माण संस्थेत आम्ही सव्वीस वर्षे राहत आहोत. चार मजले, बत्तीस सदनिका आणि वर एक ऐसपैस गच्ची. चौदा वर्षांपूर्वी मी या संस्थेचा सचिव असताना गच्चीला कायमचे कुलूप लावण्याचा ठराव मीच मांडला आणि तो एकमताने संमत झाला. त्यामागची कारणे खोटी नव्हती. वरच्या मजल्यावरच्या दोन घरांत पावसाळ्यात गळती होत होती आणि वाळवणाच्या खाटांचे पाय घासून गच्चीवरचा जलरोधक थर खराब होतो, असे कंत्राटदाराने सांगितले होते. कोणाच्या तरी हातून चिकाचे पातेले कठड्यापाशी कलंडले होते आणि तेथे आठवडाभर मुंग्यांची रांग लागली होती. कावळ्यांनी पळवलेल्या पापड्या पाण्याच्या टाकीच्या झाकणावर सापडल्या होत्या. मुले दुपारची कठड्यावर चढतात, अशी लेखी तक्रारही आली होती. मी भूगोलाचा शिक्षक. नियम करणे आणि ते पाळायला लावणे ही माझी जन्माची सवय. ‘गच्चीवर जाण्यास सक्त मनाई आहे’ हा फलक मी स्वतःच्या वळणदार अक्षरात रंगवला आणि त्याचा मला अभिमानही वाटला होता.

ठराव मांडण्यापूर्वी गच्ची कोण कोण वापरते याची यादी मी केली होती. वाळवण घालणारी अकरा घरे निघाली. कुलूप लागल्यानंतरच्या उन्हाळ्यात त्यांपैकी तीन घरांनी बाल्कनीत प्रयत्न करून पाहिला आणि त्याच्या पुढच्या वर्षी एकाही घरात कुरडई झाली नाही. अकरा घरांतल्या बायकांची हौस एकाच उन्हाळ्यात आटली, असे मानायला मी तयार नाही. त्यांतल्या सहाजणी तेव्हाही नोकरी करत होत्या. रजा टाकून, पहाटे उठून, एकमेकींच्या मदतीने त्या हे काम उरकत असत. वेळेची ओढाताण आधीही होती आणि नंतरही तेवढीच होती. बदलली ती फक्त जागा. ही परंपरा आळसाने बंद पडली नाही, ती जागेअभावी बंद पडली, आणि निदान आमच्या इमारतीत ती जागा मी काढून घेतली, एवढेच मला या पत्राद्वारे सांगायचे आहे.

वाळवणाला गच्चीच का लागते, बाल्कनी का चालत नाही, असा प्रश्न तरुण वाचकांना पडेल. कुरडईचेच पाहा. गहू तीन दिवस भिजत ठेवायचे आणि रोज त्यांचे पाणी बदलायचे. तिसऱ्या दिवशी त्यांना आंबूस वास सुटतो आणि दाणा चिमटीत दाबला की पांढरे दूध बाहेर येते. मग ते वाटून, पाण्यात कालवून, फडक्यातून गाळून चीक वेगळा काढायचा, रात्रभर निवळू द्यायचा आणि पहाटे वरचे पाणी अलगद ओतून टाकायचे. चिकाच्या मापाने पाणी उकळून, मीठ घालून त्यात चीक सोडायचा आणि गुठळी होऊ न देता घाटत राहायचे. शिजलेला चीक गरम असतानाच सोऱ्यातून पाडावा लागतो. निवला की सोऱ्या फिरवणाऱ्याचे मनगट दुखून येते आणि कुरडईचे वेढे तुटतात. ही सारी धावपळ पहाटे चारला सुरू होते, कारण उन्हे तापायच्या आत शेवटची कुरडई कपड्यावर पडलेली हवी. हा पदार्थ ओला, शिजवलेला आणि मुळातच आंबवलेला असतो. पहिल्याच दिवशी त्याला सात-आठ तासांचे कडक ऊन आणि वाहता कोरडा वारा मिळाला नाही, तर तो काळवंडतो, वास मारतो आणि त्याला बुरशी धरते. तीन दिवसांची मेहनत एका ढगाळ दुपारी वाया जाते. (तो शिजलेला चीक वाटीत घेऊन, वर तेल किंवा दूध-साखर घालून खाण्याचे सुख मात्र कोणताही ढग हिरावून घेऊ शकत नाही.)

आता ऊन कुठे पडते ते पाहू. सूर्य वैशाखात आपल्या डोक्यावर असतो. कोल्हापुरात मेच्या पहिल्या आठवड्यात, पुण्यात १३-१४ मेच्या सुमारास आणि मुंबईत त्यानंतर एक-दोन दिवसांनी भरदुपारी माणसाची सावली त्याच्या पायाखाली येते. त्यालाच आपण शून्य सावलीचा दिवस म्हणतो. सूर्य असा माथ्यावर असताना ऊन आडव्या उघड्या जागेवर पडते. बाल्कनीत ते शिरूच शकत नाही, कारण प्रत्येक बाल्कनीवर वरच्या मजल्याच्या बाल्कनीचे छत असते. ज्या महिन्यात ऊन सर्वांत प्रखर, त्याच महिन्यात बाल्कनीत ते फार थोडा वेळ येते, तेही सकाळी किंवा संध्याकाळी, तिरपे. शिवाय लोखंडी जाळी आणि तिच्यावर वाळणारे कपडे आहेतच. पुण्यात एप्रिलच्या दुपारी हवेची सापेक्ष आर्द्रता पुष्कळदा पंचवीस टक्क्यांच्या खाली उतरते, म्हणून येथे उघड्यावर कुरडई दोन दिवसांत खुळखुळीत वाळते. समुद्रकाठच्या मुंबईत हवा तेवढी कोरडी होत नाही आणि तेच काम रेंगाळते. हा सगळा धडा मी नववीच्या वर्गाला तीस वर्षे शिकवला आणि स्वतःच्या घरी लागू करायला मला चौदा वर्षे लागली.

उडदाचा पापड सावलीत वाळतो, त्याला शेवटी थोडा वेळ ऊन दाखवले की पुरते, म्हणून तो सदनिकेतही तग धरून राहिला. आमच्या इमारतीतही कुलुपानंतर दोन-तीन घरांत उडदाचे पापड होत राहिले. कुरडया, शेवया, बटाट्याचा कीस, साबुदाण्याचे पळीपापड, सांडगे, दह्यातल्या भरल्या मिरच्या हे उन्हाचे पदार्थ तेवढे गेले. परंपरा बायकांच्या मर्जीने संपली असती, तर ती पदार्थाला किती ऊन लागते हे पाहून संपली नसती.

माझे बालपण सोलापूर जिल्ह्यात गेले. आमच्याकडे माळवदाची घरे होती. लाकडी तुळया, त्यांवर फळ्या आणि त्यांवर पांढऱ्या मातीचा जाड थर. घराचे छप्पर म्हणजेच वाळवणाचे अंगण. शिडीने वर जायचे आणि एका घराच्या माळवदावरून शेजारच्या माळवदावर सहज उतरायचे. होळी झाली की आजी, आई, काकू आणि गल्लीतल्या पाच-सहा बायका मिळून घरोघरचे वाळवण पाळीपाळीने उरकत असत. शेतकरी ज्याला सावड म्हणतात, तीच ही सावड होती. आज एकीच्या शेवया, उद्या दुसरीचे पापड. जिच्याकडे काम असेल तिच्याकडे इतर बायका आपापले पोळपाट-लाटणे घेऊन जायच्या आणि संध्याकाळी पापडाच्या तेलात बुडवलेल्या दोन लाट्या पदराखाली घेऊन परतायच्या. गव्हल्या, मालत्या, नखुले असले नाजूक काम म्हाताऱ्यांच्या बोटांकडे असायचे. चीक काढून उरलेला चोथाही फेकत नसत. त्याच्या भुसवड्या व्हायच्या. आम्हा मुलांकडे राखणीचे काम. हातात काठी, डोक्यावर ओले फडके आणि समोर अर्धवट वाळलेल्या पापड्या. कावळ्यांनी किती खाल्ले आणि राखणदारांनी किती, याचा हिशेब आजीने कधी मागितला नाही.

माझी पत्नी रत्नागिरीकडची. तिच्याकडे हीच जागा खळ्याची. घरासमोरचे, शेणाने सारवलेले, उन्हाळ्यात मांडव घातलेले अंगण. तिकडे पावसाळ्यापूर्वीच्या या साऱ्या तयारीला आगोट म्हणतात. मृगाचा पाऊस सुरू झाला की चार महिने ओल, भाजी नाही, मासळी नाही. म्हणून आमसुले रसाची पुटे देत देत वाळवायची, फणसाचे पापड थापायचे, आंबापोळी थराथराने चढवायची, कुळीथ-तांदळाला ऊन दाखवायचे. आमच्याकडे कोरड्या हवेचा फायदा घेण्यासाठी वाळवण होते. तिच्याकडे येणाऱ्या ओलीला तोंड देण्यासाठी. लग्नानंतर पहिल्या उन्हाळ्यात आमच्या माळवदावर तिने आंबापोळी घातली, तेव्हा ती दीड दिवसात वाळली. ‘इथले ऊन उद्धट आहे,’ असे ती म्हणाली होती.

आमच्या इमारतीच्या गच्चीवर हे सगळे प्रदेश एकत्र येत असत, हे मला तेव्हा लक्षात आले नव्हते. दुसऱ्या मजल्यावरच्या जळगावकडच्या वहिनी ज्वारीची बिबडी घालायच्या. तळमजल्यावरच्या विदर्भातल्या मावशी सरगुंडे करायच्या आणि ते गुंडाळायची त्यांची हातोटी पाहायला इतर बायका भोवती जमायच्या. एक तेलुगू कुटुंब होते. त्यांची वडियालू आणि ताकात मुरवून वाळवलेल्या मिरच्या यांचे आमच्या सांडग्यांशी आणि दह्यातल्या मिरच्यांशी असलेले नाते कोणाला समजावून सांगावे लागले नाही. मे अखेरीस प्रत्येक घरातून प्रत्येक घरात एकेक डबा फिरत असे. ही देवघेव कोणी ठरवली नव्हती, तिची कार्यकारिणी नव्हती, त्यामुळे ती बंद झाल्याची नोंदही संस्थेच्या इतिवृत्तात कोठे नाही.

गच्चीची किंमत मुंबईकरांना तरी वेगळी सांगायला नको. १५ मार्च १९५९ रोजी गिरगावातल्या एका इमारतीच्या गच्चीवर सात गृहिणींनी ऐंशी रुपये उसने घेऊन पापड लाटायला सुरुवात केली आणि पहिल्या दिवशी त्यांची चार पाकिटे तयार झाली. त्यातून ‘लिज्जत’ हे नाव देशभर पोहोचले, चाळीस हजारांहून अधिक स्त्रिया त्या संस्थेच्या सहमालक झाल्या आणि त्या सातजणींपैकी जसवंतीबेन पोपट यांना २०२१ मध्ये पद्मश्री जाहीर झाली. त्या इमारतीचा सचिव माझ्यासारखा कोणी असता तर काय झाले असते, या विचाराने मला खरोखर ओशाळल्यासारखे होते.

एवढे सांगितल्यावर माझ्यावर स्मरणरंजनाचा आरोप होईल, म्हणून त्या माळवदावरची दुसरी बाजूही सांगतो. माझे वडील किंवा काका त्या माळवदावर वाळवणासाठी एकदाही चढल्याचे मला आठवत नाही. शिडी धरायलासुद्धा नाही. पहाटे चार ते दुपारी बारा चुलीपुढे आणि उन्हात राबून पुन्हा सगळ्यांचा स्वयंपाक त्याच बायका करत. पाळी आलेल्या बाईने पापडाला हात लावला तर पापड लाल पडतो, ही समजूत इतकी पक्की होती की माझ्या थोरल्या बहिणीला दोन दिवस माळवदाच्या शिडीजवळही फिरकू देत नसत. पापडाचे पीठ कुटायला येणाऱ्या बाईंचे हात चालायचे, पण त्यांना लाटायला आमच्या बायकांच्या पंगतीत बसवत नसत. जिन्याखाली वेगळा चहा मिळे. हे सारे मी पाहिले आहे आणि त्यातले काहीही मला परत नको आहे. आमच्या पुण्याच्या गच्चीवर यांपैकी पुष्कळसे आपोआप गळून पडले होते, कारण तेथे कोणाचे घर नव्हते, कोणाची सासू नव्हती आणि कोणी कोणाला शिवायचे याचे नियम करणारे कोणी नव्हते. सामाईक जागेचा हा गुण मी कुलूप लावताना विचारात घेतला नव्हता.

‘बाजारात सगळे मिळते, मग एवढा खटाटोप कशाला?’ हा आक्षेप मी गंभीरपणे घेतो. बचत गटांच्या बायका सुरेख कुरडया करतात. ‘महालक्ष्मी सरस’सारख्या प्रदर्शनांतून आणि गल्लीतल्या दुकानांतून त्या मिळतात, आम्हीही गेली काही वर्षे त्याच आणतो आणि तो पैसा योग्य हातात जातो याचे समाधान आहे. ज्यांना घरी करायचे नाही, त्यांनी करू नये; कोणाच्याही सुनेला कुरडईवरून बोलणी बसू नयेत. पण ज्यांना करायचे आहे त्यांना जागा नसावी, हे मात्र मला पटत नाही. शिवाय बचत गटाची बाई जेथे राहते तेथेही गच्ची लागतेच. आमच्याकडे पोळ्यांना येणाऱ्या ताई पूर्वी उन्हाळ्यात सांडगे-पापड करून चार पैसे मिळवायच्या. जुन्या वस्तीतून त्या नव्या बहुमजली इमारतीत राहायला गेल्या, घर पक्के झाले, नळ आला, शौचालय आले आणि गच्चीला कुलूप असल्याने तो व्यवसाय बंद झाला. त्यांनी ही गोष्ट तक्रार म्हणून सांगितली नाही. ‘आता करत नाही’ एवढेच म्हणाल्या. वाळवणाचे विद्युत यंत्र घ्या असे त्यांना सांगणे सोपे आहे. विजेचे बिल त्यांना भरायचे आहे.

कायद्याचे म्हणाल तर गच्ची कोणा एकाची नाही. ‘रेरा’ या नावाने आपण ओळखतो त्या २०१६ च्या केंद्रीय कायद्यात सामाईक जागांच्या व्याख्येत गच्च्यांचा स्पष्ट उल्लेख आहे. गच्ची सर्वांची आहे याचा अर्थ आपण गेल्या काही वर्षांत असा लावला आहे की ती कोणीच वापरायची नाही. मोबाइल कंपनीचा मनोरा चालतो, कारण त्याचे भाडे येते. जाहिरातीचा फलक चालतो. एकतीस डिसेंबरचा कार्यक्रमही विशेष परवानगीने चालतो. सात दिवसांच्या वाळवणासाठी परवानगी मागणे मात्र कोणाला सुचत नाही, कारण ते काम बायका करतात आणि सभेला बहुधा पुरुष येतात. माझा ठराव एकमताने संमत झाला असे मी वर लिहिले. त्या सभेच्या हजेरीपटावर सही करणाऱ्या एकोणीस जणांत स्त्रिया दोनच होत्या, हेही लिहायला हवे. माझी पत्नी त्या दिवशी सभेला नव्हती. ती गच्चीवर होती, शेवया वाळत घालत.

सौर पॅनेलचा प्रश्न हल्ली प्रत्येक सभेत निघतो. ‘प्रधानमंत्री सूर्यघर’ योजना फेब्रुवारी २०२४ मध्ये सुरू झाल्यापासून आमच्याकडेही गच्चीवर पॅनेल बसवण्याची चर्चा आहे आणि मी तिचा पुरस्कर्ता आहे. परंतु आराखडा काढतानाच एखादा कोपरा वाळवणासाठी मोकळा ठेवता येतो. तो नंतर मागायला गेले की जागा उरलेली नसते, म्हणून ज्या संस्थांत हे काम सध्या चालू असेल त्यांनी आत्ताच नकाशावर रेघ मारून घ्यावी.

गच्ची उघडायची तर माझ्या जुन्या ठरावातली कारणेही सोडवायला हवीत. ती हसण्यावारी नेण्याजोगी नाहीत. आमच्या इमारतीपुरते मी जे सुचवले आहे ते असे. गुढीपाडव्यापासून मेअखेरपर्यंत गच्ची सकाळी सहा ते संध्याकाळी सात उघडी राहावी, किल्ली रखवालदाराकडे असावी आणि वहीत नाव, सदनिका क्रमांक व वेळ लिहून ती घ्यावी. फरशीवर थेट काही पसरू नये. खाटांच्या पायांना रबरी बूट घालावेत म्हणजे जलरोधक थराला इजा होत नाही, हे मी एका जाणत्या गवंड्याकडून खात्री करून घेतले आहे. पातेली आणि शेगडी वर नेऊ नये. चीक खाली शिजवून वर आणावा आणि जिन्यातून तो नेण्याचे काम घरातल्या तरुण पुरुषांनी करावे, कारण चार मजले गरम पातेले चढवणे हे साठीच्या बाईचे काम नव्हे. मोठे माणूस सोबत असल्याशिवाय मुलांना वर सोडू नये. पाण्याच्या टाक्यांच्या झाकणांना कड्या असाव्यात. त्या तशाही असायलाच हव्यात, आणि चौदा वर्षांपूर्वी मी कुलुपाऐवजी त्या कड्यांवर खर्च केला असता तर हे पत्र लिहावे लागले नसते. गच्चीच्या दाराला कायमचे कुलूप असणे आगीच्या प्रसंगी किती घातक ठरू शकते, हा मुद्दा वेगळा. पण सभेत कुरडईने न पटणाऱ्या काही सभासदांना तो पटतो, असा माझा अनुभव आहे.

घाटण्याचे कामही पुरुषांनी शिकावे. दोन किलो गव्हाचा चीक घाटायला दंडात ताकद लागते आणि लक्ष एका क्षणासाठीही इकडेतिकडे गेले तर गुठळी होते. गेल्या वर्षी पत्नीने स्वयंपाकघरात अर्धा किलो गव्हाचा प्रयोग केला, तेव्हा हे काम मी मागून घेतले होते. गुठळ्या झाल्या. त्या कुरडया आम्ही आमच्याच बाल्कनीत, वरच्या मजल्याच्या छताखाली, दिवसातून तीनदा जागा बदलत वाळवल्या आणि तिसऱ्या दिवशी त्यांना वास येऊ लागल्यावर टाकून दिल्या. तेव्हा पत्नी ताट विसळता विसळता म्हणाली, ‘तुम्ही सचिव होता तेव्हा विचारायचं राहून गेलं. कुलूप लावलंत ते कावळ्यांसाठी की आमच्यासाठी?’ मला उत्तर सुचले नाही.

आपल्या पुरवणीच्या संपादकांना एक विनंती आहे. यंदा वाळवणावरचा लेख छापाल तेव्हा त्यात ज्या गृहनिर्माण संस्थांनी गच्ची उघडी ठेवली आहे त्यांची व्यवस्था कशी चालते, गळतीचे काय केले, तक्रारी आल्या तर कशा मिटवल्या, हेही वाचकांकडून मागवून छापावे. कुरडईची कृती आता कोणालाही कोठेही मिळते. गच्चीची किल्ली कशी मिळवायची याची कृती मात्र मला शोधूनही सापडली नाही.

आमच्या संस्थेची विशेष सर्वसाधारण सभा येत्या रविवारी सकाळी दहा वाजता आहे. माझाच जुना ठराव रद्द करण्याचा ठराव मी मांडणार आहे आणि त्याला अनुमोदन देण्याचे जळगावकडच्या वहिनींनी कबूल केले आहे. यावेळी सभेला येण्यासाठी मी स्वतः घरोघर जाऊन फक्त बायकांनाच निमंत्रण दिले, त्यावरून विद्यमान सचिव थोडे रागावले आहेत. ठराव संमत होईल की नाही, हे मला सांगता येत नाही. विरोधात सहा-सात मते नक्की आहेत आणि त्यांपैकी दोघे वरच्या मजल्यावर राहतात. मतदानाचा निकाल लागेपर्यंत थांबावे, असे मी घरी सुचवून पाहिले. पण गहू भिजायला तीन दिवस लागतात आणि सोमवारी पहाटे कुरडया पाडायच्या तर ते आधीच भिजत पडायला हवेत, असे म्हणून पत्नीने गुरुवारी रात्रीच दोन किलो गहू भिजत घातले आहेत. मी आज सकाळी त्यांचे पाणी बदलले.

आपला,
एक निवृत्त शिक्षक
पुणे